वदतोव्याघातावर यान चालेल का?

आज एका वैज्ञानिक सिद्धान्ताचं परीक्षण करायचं आहे. सिद्धान्त काल्पनिक आहे हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे कुणी उद्या पेटंटचा अर्ज घेऊन निघायला नको. (हशा)

डग्लस ॲडम्स या इंग्रज लेखकाची ‘द हिचहायकर्स गाइड टु द गॅलक्सी’ ही नभोनाट्यमालिका मार्च १९७८मध्ये बीबीसीवर सुरू झाली. पुढच्या वर्षी तिची कादंबरी आली. तीत ‘हार्ट ऑफ गोल्ड’ नावाचं एक यान आहे. ते इंधनावर नाही, असंभाव्यतेवर चालतं. जे घडण्याची काही आशाच नाही ते घडवायचं आणि त्याच्या जोरावर आकाशगंगा ओलांडायची.

आता हे यंत्र सापडलं कसं ते ऐका, कारण तर्काचा खरा खेळ तिथे आहे. मर्यादित असंभाव्यता निर्माण करणारी यंत्रं शास्त्रज्ञांना जमली होती, अनंत असंभाव्यतेचं यंत्र काही जमेना. वैतागून ते म्हणाले, असं यंत्र जवळजवळ अशक्य आहे. पार्टीनंतर प्रयोगशाळा झाडायला थांबलेला एक विद्यार्थी विचार करतो, ‘जवळजवळ अशक्य’ म्हणजे असंभाव्यता मर्यादितच झाली की! ती नेमकी किती हे काढू, तो आकडा मर्यादित यंत्राला भरवू, गरमागरम चहाचा ताजा कप देऊ आणि चालू करू. करतो, आणि अनंत असंभाव्यतेचं यंत्र हजर. त्याला बक्षीस मिळतं, आणि मग प्रतिष्ठित भौतिकशास्त्रज्ञांचा जमाव त्याला ठार मारतो.

यात हातचलाखी एकाच शब्दात आहे: ‘जवळजवळ’. शास्त्रज्ञ तो शब्द सुस्कारा टाकल्यासारखा वापरतात, विद्यार्थी तो मोजमाप म्हणून घेतो. जे खरोखर अशक्य, त्याची संभाव्यता शून्य. शून्यातून यंत्राला भरवण्याजोगा आकडा निघत नाही. ॲडम्स ही फट बुजवत नाही, वाचकाला दिसेल अशी उघडी ठेवतो. म्हणून विरोधातून शक्ती काढण्याच्या कल्पना गंभीर चेहऱ्यानं मांडणाऱ्यांपेक्षा मला तो जास्त काटेकोर लेखक वाटतो.

गंभीर चेहऱ्याचे लोक काय म्हणतात? दोन विधानं एकमेकांशी झगडतात, म्हणजे तिथे ताण आहे. ताण आहे म्हणजे ऊर्जा साठलेली आहे. पण ताणलेल्या स्प्रिंगमध्ये ऊर्जा असते, कारण ती ताणताना कुणीतरी हात दुखवून घेतलेले असतात. ‘हे वाक्य खोटं आहे’ हे वाक्य लिहायला किती कष्ट पडतात? ‘आज मंगळवार आहे’ लिहायला पडतात तेवढेच.

बरं, विरोधाभास धातूत घडवता येतो का? येतो, आणि तुम्ही तो शाळेत पाहिलेला आहे. विद्युत घंटा आठवा. प्रवाह वाहिला की विद्युतचुंबक पट्टी ओढतो. पट्टी ओढली गेली की प्रवाह तुटतो. तुटला की चुंबक सोडतो आणि पट्टी जागेवर येते. ती आली की पुन्हा प्रवाह. ‘मी चालू असेन तर मी बंद आहे.’ लबाडाचं वाक्यच ते, फक्त लोखंड-तांब्याचं. कागदावरचा लबाड आपल्याला कोड्यात पाडतो, लोखंडातला ठणाणा वाजतो. १९४७मध्ये हार्वर्डच्या दोन विद्यार्थ्यांनी, बर्कहार्ट आणि कॅलिन यांनी, तर्काची कोडी सोडवणारं विजेचं यंत्र बनवलं होतं. त्याला अशा जातीचं कोडं घातलं की ते खरं-खोटं-खरं-खोटं असं हेलकावत राहायचं, असं मार्टिन गार्डनर यांनी नोंदवलं आहे.

मग मिळाली की ऊर्जा? नाही हो! घंटेमागचा विद्युतघट विसरू नका. घंटा वाजते तसा तो उतरतो. विरोधाभास ऊर्जा देत नाही, खातो. १९६१मध्ये रॉल्फ लँडाउअर यांनी तर दाखवलं की माहितीचा एक बिट पुसायलासुद्धा किमान काही उष्णता बाहेर टाकावीच लागते. खोलीच्या तापमानाला ती किती? एका ज्यूलचे एकावर एकवीस शून्य इतके भाग केले, तर त्यातले सुमारे तीन. नगण्य, पण शून्य नाही. २०१२मध्ये प्रयोगानं ही मर्यादा तपासली गेली.

विद्यार्थ्याच्या साऱ्या सामग्रीत भौतिकशास्त्रज्ञ ज्याची पावती देईल अशी एकच वस्तू आहे, तो चहा. मूळ कथेत तो रेणूंच्या सैरभैर हालचालीसाठी, ब्राउनीय गतीसाठी आहे. आणि तोही गरम आहे तोवरच. निवून खोलीच्या तापमानाला आला की त्यातले रेणू धावत राहतात, पण त्यांच्याकडून काम करून घेता येत नाही.

आपल्याकडे शब्दांची सोय चांगली आहे. अलंकारशास्त्रातला ‘विरोधाभास’ हा नुसता आभास. अर्थ लागला की विरोध मावळतो. ‘वदतोव्याघात’ मात्र बोलणाऱ्याचं बोलणंच मोडतो. ‘मी बोलतो ते सारं खोटं’ या वाक्याचा विचार भर्तृहरीनं ‘वाक्यपदीया’त केला आहे. त्याचा निर्वाळा असा की बोलणाऱ्याला ते वाक्य स्वतः त्या ‘साऱ्या’त धरायचंच नसतं, धरलं तर सांगायचं तेच सांगितलं जाणार नाही. म्हणजे त्यानं व्याघाताचा आभास करून टाकला. हा उपाय पुरतो का, यावर वेगळा तास लागेल.

आता ॲडम्सवर माझा एक आक्षेप. अभिजात तर्कशास्त्रात व्याघात एकदा मान्य केला की त्यातून काहीही सिद्ध करता येतं. याला ‘स्फोटाचं तत्त्व’ म्हणतात. ऐकायला जोरदार वाटतं, पण काहीही सिद्ध होतं तिथे सिद्ध होण्याला किंमत उरत नाही. कथेचंही तसंच. यानावर दोन क्षेपणास्त्रं येतात, यंत्र चालू होतं, एकाचा होतो फुलझाडाचा कुंडा, दुसऱ्याचा देवमासा. नायक वाचतात. असं यंत्र हाताशी असल्यावर कुणाच्या जिवाची काळजी का करावी? पुढच्या संकटांना लेखकानं स्वतःच धार ठेवली नाही.

फक्त एका ठिकाणी त्यानं बिल भरलंय. तो देवमासा परग्रहाच्या आकाशात, जमिनीपासून मैलोन्‌मैल उंच, अचानक अस्तित्वात येतो. मी कोण, हा वारा काय, खालून वेगानं जवळ येतंय त्याला काय नाव द्यावं, असा विचार करत पडत राहतो. त्याला मात्र कुठलीही असंभाव्यता झेलायला येत नाही. गुरुत्वाकर्षण नेहमीसारखं चालू असतं आणि तो जमिनीवर आदळतो.