पळसापाशी थांबलेला लांडगा

वैनगंगा सिवनी जिल्ह्यातल्या मुंडाऱ्याला उगम पावते, मोठा वळसा घेऊन बालाघाटात उतरते आणि पुढे गोंदिया-भंडाऱ्याच्या धानपट्ट्यातून वाहत जाते. रामपायली हे गाव याच खोऱ्यातलं. चंदन नदीच्या काठावर राममंदिर, भोवती धानाच्या बांध्या आणि फाल्गुनात शिवारभर पेटलेले पळस. रुडयार्ड किपलिंग जन्मला मुंबईत, पण सिवनीच्या या डोंगरांत तो कधी आला नव्हता. स्टर्नडेल नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने 1877 मध्ये सिवनीच्या रानावर लिहिलेलं पुस्तक त्याच्या हाताशी होतं आणि लिहायला तो बसला होता अमेरिकेत, व्हर्माँटच्या बर्फात. तरीही 1894 च्या ‘जंगल बुक’मधली ‘टायगर! टायगर!’ ही कथा आपल्याकडचा माणूस वाचतो तेव्हा त्याला नाला, पळस आणि म्हशींचा कळप ओळखीचा वाटतो. कळपाच्या म्होरक्या रेड्याचं नावही राम आहे.

आपल्यापैकी अनेकांच्या मनातला मोगली दूरदर्शनवरचा. जनावरांशी बोलणारा, त्यांच्यासोबत हुंदडणारा. मूळ कथेतला मोगली मला त्याहून मोठा वाटतो, तो एका वेगळ्या कारणासाठी. जनावरं त्याची मित्र आहेत ही गोष्ट लवकरच सांगून होते. कथेचा खरा जीव आहे तो कोणाला केव्हा हाक द्यायची आणि केव्हा नाही या त्याच्या निर्णयांत.

हा प्रश्न आज ऑनलाइन भूमिका-खेळ खेळणाऱ्या मुलामुलींना रोज पडतो. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या 2004 पासून चालत आलेल्या खेळात शिकाऱ्याची भूमिका घेतली की रानातलं जनावर माणसाळवून सोबत ठेवता येतं. नवखा खेळाडू त्याला प्रत्येक लढाईत पुढे सोडतो. मग गटासोबत गुहेत उतरल्यावर त्याचं जनावर गुरगुरून शत्रूला स्वतःकडे ओढतं, ढालवाल्या साथीदाराच्या हातून लढाई निसटते आणि सगळा गट मरतो. जुन्या खेळाडूंना आणखी एक फजिती आठवते: आपण कड्यावरून खाली उडी मारायची आणि आपलं जनावर लांबच्या वाटेने, वाटेतल्या प्रत्येक शत्रूला जागं करत, ती सगळी फौज मागे घेऊन यायचं. म्हणून उडीआधी जनावराला निरोप द्यायचा, गटात त्याचं गुरगुरणं बंद ठेवायचं, हे माणूस शिकत जातो. 2014 पासून तर जनावर सोबत न घेणाऱ्या तिरंदाजाला जास्त मारक शक्ती देणारं एक कौशल्यही त्या खेळात आलं. ज्याने हे खेळ मन लावून खेळलेत, त्याने ‘टायगर! टायगर!’ अवश्य वाचावी. हाच विचार तिथे फार खोलवर झालेला आहे.

कथेच्या आरंभी लांडग्यांत वाढलेला मोगली रान सोडून गावात आलाय. मेसुआ नावाच्या बाईने त्याला घरात घेतलंय आणि गावाने त्याला म्हशींमागे पाठवलंय. आपल्या भाषेत तो आता ढोरकी. शेरखान या वाघाने त्याला मारण्याची शपथ घेतली आहे, पण सध्या तो दूर गेलाय. अशा वेळी लांडग्यांना दिवसभर भोवती बसवून ठेवणं कोणालाही सुचलं असतं. मोगली तसं करत नाही. वाघ दूर आहे तोवर चार लांडगेभावांपैकी एकाने लांबच्या खडकावर, आपल्याला दिसेल असं बसावं. वाघ परतला की त्यांच्यातल्या ग्रे ब्रदरने माळाच्या मध्यावरच्या पळसाजवळ, घळीत थांबावं. एवढाच करार.

या साध्या खुणेपाशी मी वाचताना नेहमी थांबतो. खडकावर लांडगा दिसतोय म्हणजे सगळं ठीक. खडक रिकामा म्हणजे संकट. उलट ठरवलं असतं तर? संकट आल्यावरच लांडग्याने खडकावर यायचं असतं आणि त्याआधीच वाघाने त्याला गाठलं असतं, तर मोगली निवांत म्हशींच्या पाठीवर लोळत राहिला असता. इथे निरोप्या मेला तरी निरोप पोहोचतो. शिवाय लांडगा लांब असल्यामुळे म्हशी बिथरत नाहीत. जवळच्याला दूर ठेवूनही त्याचा उपयोग कसा करून घ्यावा, याचा इतका नेमका नमुना मला दुसऱ्या कुठल्या साहसकथेत आढळला नाही.

एक दिवस खडक रिकामा दिसतो. मोगली कळप पळसाकडे वळवतो. सोनेरी-तांबड्या फुलांनी झाड झाकून गेलंय आणि खाली ग्रे ब्रदर पाठीवरचे केस ताठ करून बसला आहे. त्याने पहाटेच तबाकी या कोल्ह्याला गाठून सगळा बेत वदवून घेतलाय: शेरखान संध्याकाळी गावाच्या वेशीवर दबा धरणार, आत्ता तो वैनगंगेच्या मोठ्या कोरड्या घळीत पडलाय. यावर मोगली विचारतो तो प्रश्न बघा. वाघ किती मोठा, किती चिडलेला, हे तो विचारत नाही. त्याने आज खाल्लंय का, की उपाशी शिकारीला निघालाय, हे विचारतो. उत्तर येतं, पहाटे डुक्कर मारलं, आणि पाणीही प्यायलाय. झालं, वेळ ठरली. भरल्या पोटाचा वाघ जड असतो; उभ्या कड्याच्या घळीतून त्याला वर चढता येणार नाही. संध्याकाळपर्यंत थांबलं तर वेळ शेरखानच्या हातात जाईल, आत्ता ती मोगलीच्या हातात आहे.

मग तो आपल्याकडचं बळ मोजतो, आणि ते अगदी प्रामाणिकपणे. दहा लांडगे असते तर वाघाला झोपेतच फाडता आलं असतं, पण तेवढे नाहीत. म्हशी आहेत, पण वाघाचा वास आल्याशिवाय त्या चाल करत नाहीत, आणि त्यांची भाषा त्याला येत नाही. रानातल्या इतक्या जनावरांच्या बोली जाणणाऱ्या मुलाने दिलेली ही कबुली मला फार मोलाची वाटते. ज्यांच्याशी बोलता येत नाही त्यांच्याकडून काम घ्यायचं, तर त्यांचा स्वभाव ओळखावा लागतो. म्हशीला लांडग्याचा राग असतो आणि वासराला धोका दिसला की ती कोणाचीही गय करत नाही. मोगलीचा सगळा डाव या दोन गोष्टींवर उभा आहे. त्याच्या जिवलगांना, लांडग्यांना, तो इथे शत्रू म्हणून वापरतो! कळप हलतो तो लांडग्यांवरच्या रागाने.

बगिराला मात्र तो बोलावत नाही. हा काळा बिबट्या या लढाईत येतच नाही, आणि किपलिंग त्याचं कारण देत नाही. माझ्या वाचनात त्याची दोन कारणं आहेत. बगिराला शोधून आणायला वेळ लागला असता आणि वेळ हेच या डावातलं मुख्य हत्यार होतं. दुसरं, बगिरा असता तर ती बिबट्याची आणि वाघाची झुंज झाली असती. सगळ्यांत ताकदवान सोबती आला की इतरांचं काम संपतं, डाव बांधणाऱ्याचंही. खेळातला तो एकटा तिरंदाज मला इथे समजतो.

बगिराऐवजी येतो अकेला. घळीचं वरचं तोंड मोगली अडवणार, पण मग वाघ खालून निसटेल. कळपाचे दोन भाग करायला हवेत. ते माझ्या एकट्याच्याने होणार नाही बहुधा, असं ग्रे ब्रदर सांगतो, पण एक जाणता मदतनीस सोबत आणलाय. आणि बिळातून म्हातारं करडं डोकं वर येतं. लांडग्यांच्या टोळीने म्होरकेपदावरून उतरवलेला, सांबरावरची झेप चुकलेला अकेला. खेळांत आपण जनावर बदलत जातो, नवं मिळालं की जुनं तबेल्यात. इथे ज्याला टोळीने कुचकामी ठरवलं त्याच्याचकडे नेमकी हवी ती विद्या आहे: कळप तोडणं. आयुष्यभर ती त्याने भक्ष्यासाठी वापरली, आज एकाही म्हशीच्या अंगाला दात न लावता वापरायची आहे. त्याला मोगलीने बोलावलेलंच नव्हतं, ही बाब माझ्या लेखी कथेतली सर्वांत सुंदर. ग्रे ब्रदरने गरज आधीच ओळखली होती. खऱ्या सोबत्याला स्वतःची अक्कल असते, आणि ती असू देण्याइतका मोगली मोठा आहे. पडद्यावरचं कुठलंही जनावर अजून इथवर पोहोचलेलं नाही.

पुढची लढाई थोडक्यात सांगता येते, कारण ती आधीच जिंकलेली आहे. म्हशी आणि वासरं ग्रे ब्रदरच्या मागे धावत घळीच्या खालच्या तोंडाशी जातात. रेडे अकेलाच्या धाकाने लांबचा वळसा घेऊन वरच्या तोंडाशी. मोगली त्यांना दम घेऊ देतो, मग वाघाला हाक मारतो, आणि रेड्यांचा लोंढा सुटतो. खाली पोहोचलेला शेरखान पुढे वासरांसह म्हशी बघतो आणि मागे वळतो. रेड्यांना सामोरं गेलेलं बरं, लेकुरवाळ्या म्हशींना नको, हे वाघालाही कळतं. ज्याने म्हशी राखल्यात त्याला हे वाक्य समजावून द्यावं लागणार नाही. रामाच्या पायाखाली काहीतरी मऊ येतं, आणि लोंढा पुढे जातो.

किपलिंगचं गाव मला पटत नाही. त्याचे गावकरी भित्रे, लोभी आणि भोळसट. साहेबाच्या व्हरांड्यातून दिसणारे. रानातल्या प्रत्येक जनावराला त्याने स्वतंत्र मन दिलं, गावात ते मेसुआखेरीज कोणाला दिलं नाही. हा दोष आहे, आणि तो कथेच्या शेवटच्या भागात जास्त बोचतो.

तरी त्याच भागात मोगलीचा सर्वांत कठीण निर्णय आहे. बक्षिसासाठी वाघाचं कातडं हिसकावू पाहणाऱ्या बुलदेव शिकाऱ्याला अकेला जमिनीवर दाबून धरतो, फक्त धरतो. पुढे गाव मोगलीला चेटक्या ठरवून दगड मारतं. मागे लांडगे आहेत, वाघ मारून झालाय, हातात काय नाही? तो अकेलाला म्हशी आत घालायला सांगतो. मोजून घ्या, एखादी चोरली असेन, असं गावाला सुनावतो. लांडगे घेऊन तुमच्या गल्लीत शिरत नाही त्याबद्दल मेसुआचे आभार माना, म्हणतो. आणि निघतो. पुढच्या पुस्तकात, 1895 मध्ये, हाथी या हत्तीकरवी आणि त्याच्या तीन मुलांकरवी तो हेच गाव उद्ध्वस्त करवतो. ती कथा जास्त भव्य आहे, पण मला ही अधिक आवडते, कारण इथे हाताशी असलेलं बळ एका बाईच्या मायेखातर म्यान होतं.

सभेच्या खडकावर कातडं अंथरल्यावर लांडग्यांची टोळी त्याला परत बोलावते. टोळीनेही टाकलं, माणसांनीही टाकलं, आता मी एकटाच शिकार करीन, असं तो जाहीर करतो. त्यावर त्याचे चौघे भाऊ आम्ही तुझ्यासोबत शिकार करू म्हणतात. या खेपेला निवड त्यांनी केली.