नीना सिमोन: एक चरित्रपट

१९७६ सालचा माँत्रो येथील जलसा. नीना सिमोन रंगमंचावर येते, खालीं वांकून अभिवादन करते, आणि मग कितीतरी वेळ श्रोत्यांकडे नुसती पाहत उभी राहते. ‘व्हॉट हॅपन्ड, मिस सिमोन?’ ह्या चरित्रपटाचा आरंभ लिझ गार्बस ह्या दिग्दर्शिकेनें ह्याच प्रसंगानें केला आहे. २०१५ सालीं तो नेटफ्लिक्सवर आला व पुढच्या वर्षीं त्यास अमेरिकेंतील दूरचित्रवाणीचें एमी पारितोषिक मिळालें. आरंभ मोठा परिणामकारक खरा. पण माझी तक्रार येथूनच सुरू होते. जिचें कोसळणें आधींच दाखविलें, तिचा उदयकाल प्रेक्षक मग येणाऱ्या अनर्थाची पूर्वपीठिका म्हणूनच पाहूं लागतो.

आणि तो उदयकाल तर विलक्षण आहे! उत्तर कॅरोलिनांतील ट्रायन गांवीं १९३३ सालीं जन्मलेली ही यूनिस वेमन लहानपणापासून बाख घोटीत होती. १९५१ सालीं फिलाडेल्फियाच्या कर्टिस संस्थेनें तिला प्रवेश नाकारला. तो आपल्या वर्णामुळेंच, अशी तिची समजूत होती. पोटासाठीं अटलांटिक सिटीच्या एका मद्यगृहांत ती पियानो वाजवूं लागली, तेव्हां मालकानें बजाविलें कीं गावेंहि लागेल. धर्मोपदेशक असलेल्या आईस कळूं नये म्हणून तिनें नांव बदललें. गळा पुढें आला तो असा नोकरीच्या गरजेनें. साधना हातांची होती.

चित्रपट हें सांगतो, पण ऐकवीत नाहीं. गाणीं बहुधा अर्ध्यावर तुटतात व त्यांवर कोणाचें तरी निवेदन चढतें. ज्यांस तिची करामत अनुभवावयाची असेल त्यांनीं पहिल्या ध्वनिमुद्रिकेंतील ‘लव्ह मी ऑर लीव्ह मी’ ऐकावें. चीज हलकीफुलकी, प्रेमाची. परंतु मध्येंच कंठ थांबतो आणि दोन्ही हात बाखच्या रीतीनें एकमेकांचा पाठलाग करूं लागतात. ठेका मात्र जॅझचाच राहतो. ज्या घराण्याच्या दाराशीं तिला अडविलें, त्याचीच ही विद्या!

पती अँड्र्यू स्ट्राउडची मारहाण, १९६३ सालीं बर्मिंगहॅमच्या चर्चमध्यें चार मुली बाँबनें मारल्या गेल्यावर तिच्या गाण्यांत पेटलेला संताप, पुढचें मानसिक दुखणें, ह्या साऱ्यांविषयीं चित्रपट प्रामाणिक आहे. कन्येची साक्ष ऐकतांना तर मन हेलावतें. पण ‘काय झालें?’ हा प्रश्नच अपघातांत सांपडलेल्याविषयीं विचारावयाचा.

त्याच वर्षीं एप्रिलांत ती कार्नेगी हॉलमध्यें पियानोपाशीं बसली, तेव्हां आपण येथें बाख वाजवीत नाहीं ही तिला खंत होती. चित्रपटानें ती खंत जशीच्या तशी स्वीकारली आहे. त्या मैफलीची ध्वनिमुद्रिका उपलब्ध आहे. वाचकांनीं तिच्यांतील डावा हात लक्षपूर्वक ऐकून पाहावा.