संकलन आणि सन्निधी : अ‍ॅन कोट्स यांच्या कार्याच्या निमित्ताने

चित्रपटाला ‘भाषा’ म्हणण्याचा प्रघात इतका रूढ झाला आहे, की त्यातून नेमके काय अभिप्रेत आहे हे सहसा कोणी विचारीत नाही. दृश्य म्हणजे शब्द आणि संकलन म्हणजे व्याकरण, हे समीकरण सोयीचे खरे. पण ब्रिटिश संकलक अ‍ॅन कोट्स (१९२५–२०१८) यांच्या कार्यापुढे ते टिकत नाही.

‘द पिक्विक पेपर्स’ (१९५२) पासून ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’ (२०१५) पर्यंत त्यांची कारकीर्द पसरली आहे. डेव्हिड लीन यांच्या ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ (१९६२) या चित्रपटाने त्यांना ऑस्कर पारितोषिक मिळवून दिले. त्यात लॉरेन्स जळती काडी फुंकतो आणि तत्क्षणी सूर्योदयापूर्वीचे वाळवंट दिसते. मूळ योजना एक दृश्य दुसऱ्यात विरघळविण्याची होती. कच्च्या जोडणीत ती दृश्ये नुसती लागोपाठ दिसली, आणि तीच जोडणी पुढे कायम झाली. कोट्स यांनी त्यातून केवळ दोन चौकटी, म्हणजे सेकंदाचा बारावा भाग, कमी केला. योगायोग येथे संपतो आणि विवेक सुरू होतो.

आपल्या शास्त्रकारांनी वाक्यार्थबोधास आकांक्षा, योग्यता आणि सन्निधी आवश्यक मानल्या. ‘विस्तवाने शिंपतो’ हे वाक्य योग्यतेअभावी बाधित होते; पदे कितीही जवळ आणली तरी तो दोष जात नाही. चित्रपटात मात्र क्रम उलटतो. काडी आणि सूर्य यांची योग्यता कोणत्याही कोशात आधी नोंदलेली नसते. सन्निधीच ती निर्माण करते. दृश्ये विरघळविली असती तर ‘आणि नंतर’ एवढाच अर्थ उरला असता.

याच्या उलट बाजूस ‘आउट ऑफ साइट’ (१९९८) आहे. तेथे मद्यगृहातील संभाषण आणि नंतरचा शयनगृहातील एकांत एकमेकांत गुंफले आहेत. कालक्रम मोडतो, तरी अर्थ तुटत नाही. कारण अखंड चालणारे संभाषण आकांक्षा जागती ठेवते.

यावरून संकलनाला व्याकरण म्हणणे शिथिलपणाचे ठरते. व्याकरण प्रयोगाची शुद्धाशुद्धता आधीच ठरविते. येथे प्रत्येक जोडणी आपली योग्यता स्वतःच सिद्ध करते. श्रेयाचा प्रश्नही याच कसोटीवर तपासावा लागेल. दृश्ये दिग्दर्शकाची असतील. परंतु त्यांचा परस्परसंबंध ज्या दोन चौकटींवर अवलंबून होता, त्या ओळखणारी दृष्टी कोट्स यांची होती. संकलनाला केवळ साहाय्यक कौशल्य मानणाऱ्या समीक्षेने एवढे तरी मान्य केले पाहिजे.