व्यक्तिशिल्पाची साधना आणि नानासाहेब करमरकर

महाराष्ट्रातील चित्रकारांविषयी जेवढे लिहिले गेले तेवढे येथील शिल्पकारांविषयी लिहिले गेले नाही, आणि जे थोडे लिहिले गेले त्यातही पुतळा कोणाचा, त्याचे अनावरण कोणत्या लाटसाहेबांच्या वा मंत्र्यांच्या हस्ते झाले, वर्गणी किती जमली, याचाच तपशील अधिक आढळतो. ज्या हातांनी माती आकाराला आणली त्या हातांचा विचार करण्याची तसदी फारशी कोणी घेतली नाही. १८९६ साली, मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकत असताना, ऐन विशीतल्या गणपतराव म्हात्रे यांनी ‘मंदिरपथगामिनी’ घडविली आणि पूजेला निघालेल्या त्या युवतीने, हिंदी माणसाला यथार्थ शिल्प साधणार नाही हा सरकारदरबारी रूढ झालेला ग्रह कायमचा मोडीत काढला. पुढे रघुनाथराव फडके यांनी गिरगाव चौपाटीवर लोकमान्य उभे केले आणि ते स्वतः धारला जाऊन राहिले. बाळाजी तालीम यांनी १९५४ साली शिर्डीसाठी साईबाबांची संगमरवरी मूर्ती केली, जिच्यापुढे आजवर कोट्यवधी मस्तके नमली, परंतु तिच्या कर्त्याचे नाव त्यांतील किती जणांच्या कानी गेले असेल?

या मालिकेत विनायक पांडुरंग ऊर्फ नानासाहेब करमरकर यांचे स्थान मला सर्वांत उंच वाटते. १८९१ साली कुलाबा जिल्ह्यातील सासवणे या समुद्रकाठच्या खेड्यात ते जन्मले. गणपतीच्या मूर्ती घरातच होत असल्यामुळे ओल्या मातीचा स्वभाव त्यांना अक्षरओळखीबरोबरच कळला असला पाहिजे. गावच्या राममंदिराच्या भिंतीवर या मुलाने शिवछत्रपतींचे चित्र काढले होते. जिल्ह्याचे कलेक्टर ऑटो रॉथफील्ड फिरतीवर असता त्यांच्या दृष्टीस ते पडले आणि त्यांनी त्याला जे. जे.मध्ये पाठविण्याची तजवीज केली. तेथे मेयो पदक मिळवून ते बाहेर पडले. सुरेंद्रनाथ ठाकूर यांच्या आश्रयाने कलकत्त्यास त्यांनी आपली कार्यशाळा थाटली आणि १९२०च्या सुमारास लंडनच्या रॉयल अकॅडमीत जाऊन विद्येची उजळणी केली.

राममंदिराच्या भिंतीवर काढलेले ते शिवछत्रपती १९२८ साली पुण्यात ब्राँझमध्ये उभे राहिले. सुमारे साडेतेरा फूट उंचीचा आणि आठ टनांच्या आसपास वजनाचा हा अश्वारूढ पुतळा माझगावच्या गोदीत एकसंध ओतला गेला, ही गोष्ट सांगून सोडून देण्यासारखी नाही. घोड्याच्या पुतळ्यात सगळा भार बारीक पायांवर येतो. वितळलेला धातू साच्याच्या पोटातून खुरांपर्यंत निवण्यापूर्वी पोहोचला पाहिजे, आतली हवा योग्य वाटांनी बाहेर पडली पाहिजे, आणि कोठे पोकळी राहिली की महिनोन् महिन्यांचा श्रम एका घटकेत वाया जातो. सुटे भाग ओतून ते सांधण्याचा सोपा मार्ग उपलब्ध असता त्यांनी हा धोका पत्करला. १६ जून १९२८ रोजी गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते त्याचे अनावरण झाले. हा पुतळा पाहताना मला नेहमी जाणवते ते असे की, घोड्याचा वेग आणि स्वाराचे स्थैर्य ही एकमेकांशी भांडत नाहीत; लगाम धरलेला हात शांत आहे, म्हणूनच घोडा जिवंत वाटतो.

तरीही करमरकरांची खरी थोरवी स्मारकांत नाही, असे माझे मत आहे. फर्माईशीच्या कामात समितीला महापुरुष हवा असतो; माणूस दिसला तर तिचे समाधान होत नाही. ‘शंखध्वनी’ हे शिल्प कोणत्याही समितीने मागितले नव्हते. शंख फुंकण्यासाठी घेतलेला श्वास देहात कोठवर उतरतो, छातीचा भाता कसा भरतो, मान कशी ताठते, याचा असा शोध मराठी शिल्पात दुसरा मला ठाऊक नाही. नाद हा दृश्य नसतो, आणि तो दाखविण्याचा एकच मार्ग त्यांनी पत्करला, तो म्हणजे नादाला लागणारे शारीर कष्ट दाखविणे. कोळीण, हमाल, गावची साधी माणसे त्यांनी त्याच आदराने घडविली. सासवण्याच्या त्यांच्या घरात, जे आज संग्रहालय म्हणून पाहावयास मिळते, सिमेंटसारख्या ज्या द्रव्याकडे शिल्पकार तुच्छतेने पाहत त्यातून केलेली म्हैस आहे. तिच्या कातड्याचा खरखरीतपणा सिमेंटच्या स्वभावातूनच आला आहे, संगमरवरात तो आला नसता. द्रव्याची निवड हीही एक समीक्षाच असते, हे येथे उमगते.

व्यक्तिशिल्प म्हणजे नुसते साम्य, असा समज १९४७नंतरच्या नव्या कलाविचाराने बळकट केला आणि या शिल्पकारांना ‘हुबेहूब काढणारे’ म्हणून बाजूस सारले. हा अन्याय होता. डोळ्याचे उदाहरण घ्या. संगमरवराला किंवा ब्राँझला बुबुळाचा काळा रंग नसतो. शिल्पकार तेथे खळगा कोरतो, त्यात सावली साठते, आणि खळग्याच्या कडेशी ठेवलेल्या इवल्याशा उंचवट्यावर प्रकाश पडला की दृष्टी निर्माण होते. खळगा अंमळ खोल गेला तर माणूस भेदरलेला दिसतो, उथळ राहिला तर आंधळा. छायाचित्रात नसलेली ही गोष्ट समोर बसलेल्या माणसाशी तासन् तास राहिल्यावाचून कळत नाही.

आजची स्थिती या कसोटीवर पाहिली म्हणजे मन विषण्ण होते. सार्वजनिक पुतळ्याच्या मातीच्या नमुन्याला कला संचालनालयाची मान्यता घ्यावी लागते, हा शिरस्ता चांगलाच आहे. परंतु मंजुरीच्या कागदावर उंची, खर्च आणि मुदत यांना जेवढे वजन असते तेवढे शिल्पकाराने त्या चेहऱ्याबरोबर किती काळ घालविला याला नसते. डिसेंबर २०२३मध्ये मालवणच्या राजकोट किल्ल्यावर उभारलेला छत्रपतींचा पुतळा ऑगस्ट २०२४मध्ये कोसळला, तेव्हा चर्चा दोषी कोण यावर गाजली. घाई हाच या क्षेत्राचा रोग होऊन बसला आहे, याकडे कमी लक्ष गेले. उंचीची स्पर्धा चालू असेतो ओतकामाच्या चिवट विद्येला आणि बैठकीच्या सबुरीला कोण विचारणार?

१९६७ साली करमरकर वारले. त्यांच्या घरच्यांनी सासवण्याची ठेव जपली, म्हणून त्यांच्याविषयी एवढे तरी लिहिता येते. ब्राँझ टिकते, पण शिल्पकाराच्या बोटाचा शेवटचा ठसा ज्यावर असतो तो प्लास्टरचा मूळ नमुना ठिसूळ असतो, ओल लागली की त्याचे पापुद्रे सुटतात, आणि जागेची अडचण झाली की तोच प्रथम बाहेर निघतो. म्हात्रे, फडके, तालीम आणि त्यांच्या पिढीतील इतरांचे असे नमुने जेथे असतील तेथे जाऊन त्यांची मापे, छायाचित्रे व सद्यःस्थिती यांची नोंद करण्याचे काम एखाद्या कलासंस्थेने अंगावर घ्यावे, आणि ते या पावसाळ्यापूर्वी सुरू करावे.