रीळ आहे, नोंद नाही

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात ‘राजा हरिश्चंद्र’ची पहिलं आणि शेवटचं अशी दोन रिळं आहेत. माहितीपटांत त्यांवर बिनदिक्कत १९१३ हे साल येतं. काही अभ्यासकांच्या मते मात्र ती फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ची आहेत. अभ्यासकांमध्ये हा वाद जुना, पण प्रेक्षकाला त्याचा पत्ताच नसतो. आपल्याकडच्या जतनकार्याचं दुखणं मला इथं दिसतं. रीळ वाचवण्यासाठी आपण धडपडतो. ते कशाचं, कुठून आलं, ही नोंद मात्र वाऱ्यावर सोडतो.

वाचवणंही सोपं नव्हतंच. जुनी नायट्रेटची फिल्म एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते. २००३च्या जानेवारीत पुण्यातच अशा फिल्मच्या मोठ्या साठ्याला आग लागली. कितीतरी रिळं चांदीसाठी मोडीत गेली. ‘आलम आरा’ गेला, बाबूराव पेंटरांचा मूक ‘सावकारी पाश’ गेला, आद्य चित्रणकार सावेदादांनी टिपलेलं रँग्लर परांजप्यांचं स्वागतही गेलं. १९६५पासून संग्रहालयाच्या पी. के. नायर यांनी चिकाटीनं जमवलं, म्हणून आज बोलायला काही तरी आहे. कुठला प्रसंग कितव्या रिळात, हे नायरांना तोंडपाठ असे. पण एका माणसाच्या स्मरणशक्तीवर संस्थेची सूची उभी राहत नाही.

ओळख पटवण्याचं काम किती किचकट असतं ते पाहा. बेनाम रीळ टेबलावर घेऊन फिल्मची कड भिंगाखाली धरायची. कोडॅकची फिल्म असेल तर तिथं बारीक वर्तुळ, चौकोन, त्रिकोण दिसतात; त्यांवरून फिल्म कोणत्या साली तयार झाली ते कळतं. पण या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात. एकटं वर्तुळ म्हणजे १९१६, १९३६ किंवा १९५६. शिवाय प्रतीवरून प्रत काढलेली असेल, तर मूळ फिल्मच्या खुणाही तिच्यावर उमटतात. मग मोटारींचे नमुने, दुकानांच्या पाट्या, टोप्या-पागोटी बघत साल नक्की करायचं.

आणि नुसतं जमवणंही पुरत नाही. तमिळ पत्रकार ए. के. चेट्टियार यांनी १९३०च्या दशकाच्या अखेरीस देशोदेशी हिंडून गांधीजींची चित्रणं गोळा केली आणि १९४० साली माहितीपट केला. पुढे तो माहितीपटच कित्येक वर्षं बेपत्ता होता!

आता डिजिटायझेशनला पैसा मिळतो आहे, हे चांगलंच. पण सगळं कौतुक गाजलेल्या कथापटांच्या चकचकीत प्रतींचं. सूचीकाराला कोण विचारतो? मूक काळातलं चित्रण सेकंदाला सोळा-अठरा चौकटींचं असतं. ते चोवीसनं चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात, आणि तोच इतिहास म्हणून वाहिन्यांवर फिरतो. मूळ डबा, रीळ, वेग आणि शंका असेल तर तीही, एवढं प्रत्येक फाइलसोबत गेलंच पाहिजे.

सुरुवात फिल्म्स डिव्हिजनच्या १९४८नंतरच्या वार्तापटांपासून करावी. त्यांतल्या मोर्चांतले, धरणांवरचे, जत्रांतले चेहरे ओळखणारी माणसं आज ऐंशी-नव्वदीत आहेत. स्कॅनिंगचं काम पुढेही चालू राहील. पण ही रिळं या माणसांसमोर आत्ताच चालवायला हवीत.