'शवासन' : एका नावाचा विचार

योगासनांची नावे आपण आज इतक्या सहजपणे उच्चारतो की, ती कोणीतरी, कधीतरी, काही विशिष्ट हेतू मनात धरून ठेविलेली आहेत याचे भान आपणांस राहत नाही. नावाचा विचार करावा लागतो तो नाव अडू लागले म्हणजे. माझ्यापुरते सांगावयाचे तर 'शवासन' हे नाव असेच अडले, आणि ते एका कचेरीच्या तक्त्यावर अडले.

२०१५ पासून दरवर्षी २१ जून हा आंतरराष्ट्रीय योगदिन केंद्र सरकारच्या कचेऱ्यांतून पाळला जातो. कलकत्त्यातील आमच्या कचेरीत त्यानिमित्त आसनांची नावे व त्यांचे अर्थ यांचा एक तक्ता लावावयाचा होता. संस्कृत घेऊन पदवी मिळविलेला कारकून म्हणून ते काम माझ्याकडे आले. ताडासन, वृक्षासन, भुजंगासन, शलभासन ही नावे बिनबोभाट उतरली. आयुष मंत्रालयाच्या सामान्य अभ्यासक्रमात आसनांचा शेवट शवासनाने होतो. तेथे आल्यावर मात्र मी थांबलो, आणि 'शवासन' न लिहिता 'शांत्यासन' असे लिहून मोकळा झालो. वरिष्ठांनी तक्ता पाहून समाधान व्यक्त केले; चांगल्या दिवशी अभद्र शब्द टाळला, असे ते म्हणाले. शेजारच्या मेजावरील, निवृत्तीला आलेल्या बंगाली सहकाऱ्याने मात्र तक्त्याकडे पाहत एवढेच विचारले, "दादा, नाव बदललेत की वस्तूच बदललीत?" त्या प्रश्नाचे उत्तर शोधताना जे हाती लागले ते वाचकांपुढे ठेवीत आहे.

प्रथम 'आसन' हा शब्द घेऊ. 'आस्' म्हणजे बसणे, या धातूपासून तो झाला. म्हणून त्याचा मूळ अर्थ बसणे, आणि त्यावरून ज्यावर बसावयाचे ती जागा. गीतेच्या सहाव्या अध्यायात कुश, मृगाजिन आणि वस्त्र यांनी सिद्ध केलेले आसन सांगितले आहे ते या दुसऱ्या अर्थाने. पतंजलीने स्थिर आणि सुखकर अशा स्थितीला आसन म्हटले, पण कोणत्याही आसनाचे नाव दिले नाही. नावे येतात ती व्यासभाष्यात. त्यांत पद्मासन, वीरासन, भद्रासन यांच्याबरोबर क्रौंचनिषदन, हस्तिनिषदन, उष्ट्रनिषदन अशी नावे आहेत. यांचा अर्थ क्रौंच, हत्ती आणि उंट यांचे बसणे. वाचस्पतिमिश्र या नावांचे विवेचन लांबवीत नाहीत. ते प्राणी बसलेले असताना त्यांची ठेवण पाहावी आणि त्यावरून ही आसने जाणून घ्यावी, असे ते सांगतात. आसनांच्या नामकरणाचे एक मोठे तत्त्व येथे सांगितले गेले आहे : उपमान डोळ्यांनी पाहिल्यावाचून उपमेय साधत नाही.

परंतु सर्वच आसननामे उपमेवर उभी नाहीत. 'मत्स्यासन' आणि 'मत्स्येंद्रासन' ही दोन नावे कानाला सख्ख्या भावंडांसारखी वाटतात, पण त्यांची कुळे वेगळी आहेत. पहिल्यात मासा हे उपमान आहे. दुसऱ्यात मत्स्येंद्रनाथांचे आसन असा सरळ षष्ठीचा संबंध आहे. म्हणजे प्रत्येक नावाचा समास स्वतंत्रपणे सोडवावा लागतो. 'शवासन' हा समास सोडवू गेल्यास तीन वाटा फुटतात. शवाचे आसन ही पहिली; तिच्यातून काहीच निष्पन्न होत नाही, कारण शव बसत नाही. शव हेच आसन ही दुसरी. आणि शवासारखे आसन, म्हणजे शवाप्रमाणे असणे, ही तिसरी.

दुसरी वाट केवळ वैयाकरणाची कल्पना नव्हे, हे मला बंगालमध्ये आल्यावर कळले. देवीच्या उपासनेत शव किंवा प्रेत हे आसन असल्याचे वर्णन वारंवार येते. ललितासहस्रनामातील 'पंचप्रेतासनासीना' या नावात ब्रह्मदेवादी पाच देव शक्तीवाचून प्रेतवत् होऊन देवीचे आसन बनले आहेत. 'शवासना' असे स्त्रीलिंगी रूप केले की बहुव्रीही होतो आणि शव हे जिचे आसन ती देवी असा अर्थ निघतो. तांत्रिकांच्या शवसाधनेत तर साधक स्मशानात प्रत्यक्ष शवावर बसून जप करतो. माझे सहकारी बीरभूमकडचे. तेथील तारापीठाचे स्मशान आणि तेथे राहिलेले वामाखेपा (१८३७-१९११) यांच्या कथा त्यांनी लहानपणापासून ऐकलेल्या. त्याच बंगालमध्ये विष्णुचरण घोष यांनी विसाव्या शतकात व्यायाम आणि आसने यांचे जे शिक्षण रुजविले, त्यात प्रत्येक आसनानंतर काही क्षण शवासनात पडून राहण्याची चाल आहे. एकाच शब्दाचे एक घर आखाड्यात आणि दुसरे स्मशानात, असे ते गृहस्थ हसत म्हणाले. आपण मराठी माणसे हा शब्द बहुधा आखाड्याकडून, किंवा अलीकडे डॉक्टरांकडून शिकलो. त्यामुळे त्याच्या दुसऱ्या घराची आपणांस वार्ता नसते.

हठयोगातील शवासन हे तिसऱ्या वाटेचे, हे ग्रंथांवरून निश्चित होते. सुमारे तेराव्या शतकातील दत्तात्रेययोगशास्त्रात उताणे होऊन शवाप्रमाणे भूमीवर पडून राहण्याचा प्रकार सांगितला आहे. पण तेथे तो आसन म्हणून येत नाही, तर मनाचा लय साधणाऱ्या संकेतांपैकी एक म्हणून येतो. पंधराव्या शतकाच्या सुमारास स्वात्मारामाने हठप्रदीपिकेत त्याला आसनांच्या पंक्तीत बसविले. शरीराचा शीण घालविणे आणि चित्ताला विसावा देणे ही दोन फळे त्याने सांगितली. पुढच्या काळातील घेरंडसंहितेत बत्तीस आसनांची यादी आहे. त्या यादीत या आसनाचे नाव 'मृत' असे आहे, मात्र वर्णनाच्या वेळी ग्रंथकार 'शवासन' म्हणतो. महत्त्वाची गोष्ट अशी की, या वर्णनांत 'शववत्' असा शब्द आहे. 'वत्' हा छोटा प्रत्यय वर्णनात ठसठशीत उभा आहे आणि नावात मात्र लोपला आहे. समासात असे लोप होतातच. पण या नावाभोवतीचे सारे गैरसमज, आणि माझ्या मते त्याचे सारे मोलही, त्या लोपलेल्या प्रत्ययात साठलेले आहे.

आता 'शव' या शब्दाकडे वळू. आधुनिक कोशकार त्याचा संबंध फुगणे या अर्थाच्या 'श्वि' धातूशी जोडतात. म्हणजे फुगलेले ते शव. यास्काचे म्हणणे निराळे आहे. निरुक्तात तो सांगतो की, जाणे या अर्थाचा 'शव्' हा धातू कंबोज देशात क्रियापद म्हणून बोलला जातो, आर्यांत मात्र त्यापासून झालेला 'शव' हा शब्दच तेवढा वापरात आहे. पतंजलीने महाभाष्याच्या आरंभीच्या आह्निकात हेच उदाहरण दिले आहे. इराणी भाषांत जाणे या अर्थाचा असा धातू खरोखरच आढळतो, त्यामुळे वायव्येकडील बोलीविषयीचे त्याचे निरीक्षण अचूक ठरते. व्युत्पत्ती मात्र कोशकारांचीच अधिक संभवनीय. तथापि यास्काची व्युत्पत्ती भाषाशास्त्रात टिकली नाही तरी तिचा भाव मराठी मनाला परका नाही. 'प्रेत' या शब्दाची फोड प्र अधिक इत, म्हणजे पुढे निघून गेलेला, अशीच आहे. हिंदी आणि बंगाली बोलणाऱ्याला 'प्रेत' म्हटले की भूत आठवते. मराठीत आपण तो शब्द कलेवरासाठी राखून ठेविला. आणि घरात कोणी मरण पावले तर आपण मेले असे म्हणत नाही, गेले असे म्हणतो. जो गेला त्याचे येथे राहिलेले ते शव.

हा अर्थ ध्यानात घेतला म्हणजे 'मृतासन' या पर्यायापेक्षा 'शवासन' सरस का, हे कळते. 'मृत' हा शब्द घडलेली घटना सांगतो; 'शव' हा शब्द घटनेनंतर भूमीवर जे पडून आहे त्याची अवस्था सांगतो. साधकाला मरावयाचे नाही. त्याला फक्त शरीर त्या अवस्थेसारखे ठेवावयाचे आहे. 'शिथिलासन' म्हणावे तर शरीराचे वर्णन होते, पण चित्ताची बाजू सुटते. आणि मी केलेले 'शांत्यासन'? त्यात आसनाचे वर्णनच नाही. आसनाचे फळ तेवढे आहे. फळाचे नाव आसनाला दिले की करणाऱ्याला काय करावे ते कळत नाही, काय मिळावे तेवढे कळते. आणि अमुक मिळाले पाहिजे म्हणून पडून राहिलेल्या माणसाला ते मिळणे कठीणच.

आधुनिक काळात या नावाला जे वळण लागले त्यात महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे. स्वामी कुवलयानंदांनी १९२४ साली लोणावळ्यास कैवल्यधाम स्थापून यौगिक क्रियांची शरीरशास्त्राच्या अंगाने तपासणी सुरू केली. मुंबईच्या डॉ. के. के. दाते यांनी आपल्या सहकाऱ्यांसह १९६९ साली रक्तदाबाच्या रुग्णांवरील शवासनाच्या उपयोगाविषयी इंग्रजीत शोधनिबंध प्रसिद्ध केला, आणि त्याच्या शीर्षकात 'शवासन' हे नाव तसेच ठेविले. त्यापूर्वी १९६६ मध्ये पुण्याच्या बी. के. एस. अय्यंगारांच्या 'लाइट ऑन योग' या ग्रंथाने हे नाव जगभर नेले. दिसावयास सोपे असलेले हे आसन साधण्यास अतिशय कठीण आहे, असा त्यांचा अभिप्राय आहे. कारण शरीर निश्चल ठेवता येते, पण मन ठेवता येत नाही.

या प्रवासात एक लहानसा, पण मोठा अर्थ दडलेला अपघात घडला. रोमन लिपीत तालव्य 'श' दाखविण्यासाठी विद्वान 'एस'वर एक खूण देतात. छापखान्यात आणि जाहिरातीत ती खूण गळाली, आणि परदेशी जिभेवर 'शवासन'चे 'सवासन' झाले. संस्कृतात 'सवासन' असा शब्द आहेच. त्याचा अर्थ वासनेसहित. जे आसन चित्ताला वासनांपासून विसावा देण्यासाठी आहे, त्याचे नाव एका खुणेच्या अभावी वासनेसहित होऊन बसले! परदेशीयांना यावरून हसण्यात अर्थ नाही. त्यांच्याकडून खूण अजाणता गळाली. मी तर अक्षरे जाणून पुसली होती.

मग त्या लोपलेल्या 'वत्'चे मोल कोणते? १८९६ साली मदुराईत सोळा वर्षांच्या एका मुलाला एकाएकी मृत्यूचे भय वाटले. कोणाला हाक न मारता तो आडवा झाला, हातपाय ताठ केले, श्वास रोखला, ओठ मिटले आणि हे शरीर मेले तर मी मरतो काय, हे पाहू लागला. तोच मुलगा पुढे रमण महर्षी म्हणून ओळखला गेला. त्याने कोणतेही आसन केले नव्हते. पण शव होणे आणि शववत् होणे यांतील अंतर या प्रसंगाइतके स्वच्छ दुसरीकडे क्वचितच दिसेल. शवाला आपण शव आहो हे ठाऊक नसते. शववत् असणाऱ्याला सर्व ठाऊक असते. ज्याला झोप लागली त्याचे शवासन मोडले, असे शिक्षक म्हणतात ते याचमुळे. तुकोबांनीही आपल्या अंताचे साक्षी आपणच झाल्याचा अनुभव गायिला आहे. मराठी वाचकाला त्यासाठी मदुराईपर्यंत जाण्याची गरज नाही.

आता तक्त्यावर ते नाव मी का टाळले, हे सांगितले पाहिजे; नाहीतर हा विचार अपुरा राहील. वरिष्ठांना वाटले तसे शुभाशुभ माझ्या मनात नव्हते. तीन वर्षांपूर्वी माझे वडील मिरजेस गेले. निरोप आला तेव्हा मी कलकत्त्यात होतो. गाड्या बदलीत घरी पोचलो तो तिसऱ्या दिवशी, अस्थी गोळा करण्याच्या वेळेला. बदलीच्या नोकरीत असलेल्या वाचकांना यात नवे काही वाटणार नाही. आपणांपैकी कित्येकांनी आईबापांचे शेवटचे दर्शन असेच चुकविले आहे. त्यानंतर त्या आसनाचे नाव कानी पडले की, मी न पाहिलेले काहीतरी डोळ्यांपुढे येऊ पाही आणि येत नसे. वाचस्पतिमिश्रांनी सांगितलेले उपमान पाहण्याचे माझ्या हातून राहून गेले होते. म्हणून मी शब्दच पुसला.

परंतु शब्द पुसल्याने ते राहून गेलेले भरून येत नाही, हे हा सारा विचार केल्यावर मला मान्य करावे लागते. नावाचा धक्का हा नावाचा दोष नाही. तो त्याच्या अर्थाचाच भाग आहे. 'शव' म्हटल्यावर ज्याच्या मनात काहीच हलत नाही, त्याने ते आसन केवळ विश्रांती म्हणून घेतले तरी चालेल. ज्याच्या मनात हलते, त्याच्यासाठीच बहुधा प्राचीनांनी हे नाव ठेविले असावे, आणि 'वत्' शोधण्याचे काम त्याच्याकडे सोपविले असावे.

यंदाच्या २१ जूनला तक्ता पुन्हा माझ्याकडेच आला. शेवटच्या ओळीत मी 'शवासन' असे लिहिले आणि अर्थाच्या रकान्यात 'शवासारखे, परंतु जागे राहून' एवढे शब्द घातले. बंगाली सहकारी एप्रिलमध्येच निवृत्त होऊन बीरभूमला गेले आहेत. तक्ता त्यांच्या पाहण्यात आला नाही.