देसाई, नितीन चंद्रकांत
(१९६५–२ ऑगस्ट २०२३). मराठी कलादिग्दर्शक व चित्रपटनिर्माते. नितीश रॉय यांचे साहाय्यक म्हणून कार्यारंभ. डॉ. बाबासाहेब आंबेडकर, हम दिल दे चुके सनम (१९९९), लगान (२००१) व देवदास (२००२) यांच्या कलादिग्दर्शनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले. २००५ मध्ये त्यांनी कर्जतजवळ एन. डी. स्टुडिओ उभारला. भव्यता हा त्यांच्या नेपथ्यरचनेचा ठळक विशेष. तथापि देवदासमधील काचमहालांच्या झगमगाटात पात्रांचे दुःख काहीसे झाकोळते. याउलट लगानसाठी कच्छमध्ये उभारलेले मातीच्या घरांचे गाव दुष्काळाच्या कथेशी एकरूप होते. तेथील भिंती, अंगणे व धुळीच्या वाटा शोभेसाठी नसून पात्रांच्या नित्य वावरातून आकारल्यासारख्या वाटतात. कथेच्या गरजेनुसार भव्यतेला घातलेला हा आवर त्यांच्या श्रेष्ठ कामगिरीचा गमक ठरतो. कर्जत येथे त्यांचे निधन झाले.